निळी पिशवी

जागेवर बसून निसर्गचित्र काढताना अर्धं लक्ष काय टाळायचं याकडेच असतं. झाडामागे विजेचा खांब आहे? टाळा. तारा? टाळा. पाण्याकाठच्या मुळांत अडकलेली निळी पिशवी तर दिसतच नाही असं धरून चालायचं. दिसेल ते सगळं कागदावर घेतलं तर त्याचं चित्र होत नाही, पंचनामा होतो, असं नवशिक्यांना मीच ऐकवत आले आहे.

परवा पंधरा वर्षांपूर्वीची स्केचबुक घेऊन नदीच्या त्याच वळणावर जाऊन बसले. चित्रात तीन झाडं, समोर एक. काठ ढासळून आत सरकलेला. मनात आलं, तेव्हाच तो ढासळायला लागला होता का? चित्रात तर तिथे बर्न्ट सिएनाचा, म्हणजे तांबूस तपकिरी रंगाचा, गुळगुळीत पातळ वॉश आहे. काठ खरंच तसा होता, की डोळ्यांना बरा दिसावा म्हणून मी तो सारवून घेतला होता? काही केल्या आठवेना. साक्षीदार मीच, आणि माझ्याच साक्षीवर माझा भरवसा नाही.

इंग्रज चित्रकार जॉन कॉन्स्टेबल या बाबतीत चोख. १८२१-२२ मध्ये लंडनजवळच्या हॅम्पस्टेडला त्याने ढगांचे अभ्यास रंगवले. त्यांतल्या अनेकांच्या पाठीवर तारीख, वेळ, वाऱ्याची दिशा लिहिलेली आहे. माझ्या स्केचबुकात धड साल असतं तरी पुष्कळ.

फ्रेंच चित्रकार मोनेची तऱ्हा वेगळी. १८९९ ते १९०१ या काळात तो लंडनला येऊन थेम्स रंगवत असे. एका सकाळी धुकं दिसेना, तर गडी हवालदिल. मग शहरातले विस्तव पेटले, धूर पसरला, तेव्हा कुठे त्याचा जीव भांड्यात पडला. कोळशाच्या धुरावर भाळलेल्या या माणसाला हसावंसं वाटतं खरं. पण धुरकट हवेतला तांबडा सूर्य दिसला की मीही सामान उचलून धावतेच.

तेओदोर रूसो या फ्रेंच चित्रकाराबद्दल मात्र आदर वाटतो. पॅरिसजवळच्या फोंतेनब्लोच्या जंगलातले जुने ओक तोडले जाऊ लागले तेव्हा तो ते नुसते रंगवत बसला नाही, थेट सरकारदरबारी अर्ज घेऊन गेला. पुढे १८६१ मध्ये त्या जंगलातला हजारावर हेक्टरचा भाग राखून ठेवला गेला. उजेड चांगला असताना ब्रश खाली ठेवून अर्ज लिहायचा म्हणजे काय, हे चित्रकारालाच कळेल.

माझ्या हातून अर्जबिर्ज झाला नाही. पिशवी तेवढी चित्रात घेतली. तिचा निळा अल्ट्रामरीनने जमेना, कोबाल्टनेही नाही. थॅलो ब्लू लावला आणि तंतोतंत बसला. बसणारच, प्लॅस्टिक रंगवायलाही हेच रंगद्रव्य वापरतात. ट्यूबमधला आणि मुळांतला, दोन्ही निळे सख्खे भाऊ. चित्र पूर्ण झालं तेव्हा नजर झाडावर ठरेना, त्या नखाएवढ्या ठिपक्यावरच जाऊन बसायची.

बरोबरच्या मित्राने पाहिलं. म्हणाला, "झाड सुंदर आलंय गं. तो निळा डाग तेवढा ओल्या ब्रशने उचलून टाक."

उचलून पाहिला. थॅलो कागदात मुरतो. दोनदा पाणी लावलं, टिपकागद दाबला. कडा थोड्या फिकट झाल्या, पिशवी आहे तिथेच आहे.