गुरूने शिकवलं नाही म्हणून

मारामारीच्या सिनेमात मला हाणामारीपेक्षा तिच्या आधीची दोन मिनिटं जास्त आवडतात. १९६६ सालच्या हाँगकाँगच्या ‘कम ड्रिंक विथ मी’मध्ये पुरुषवेशातली एक मुलगी खानावळीत बसलेली असते. आजूबाजूची गिऱ्हाइकं म्हणजे दरोडेखोरांची टोळी. एकेक जण येऊन तिला डिवचून जातो. ती जागची हलत नाही. पाठ ताठ, चेहऱ्यावर किंचित कंटाळा. मग हात असा चालतो की डिवचणाऱ्याला काय झालं तेच कळत नाही.

ही चेंग पेई-पेई, तेव्हा जेमतेम विशीतली. जन्म शांघायचा, शिकलेली बॅले. दिग्दर्शक किंग हू पेकिंग ऑपेराचा, म्हणजे चिनी संगीतनाट्याचा, दर्दी. त्याला लढाई ठेक्यावर हवी होती, म्हणून त्याने नाचणारी मुलगी निवडली. (आपल्याकडे ‘हंटरवाली’ सिनेमात नादियाने १९३५ सालीच चाबूक हातात घेतला होता, पण तो बाज वेगळा.)

तक्रार पुढे आहे. भावाला सोडवायला निघालेली ही गोल्डन स्वॅलो विषबाधेने आडवी होते आणि एक दारुडा भिकारी, जो अर्थातच छुपा उस्ताद असतो, सिनेमा ताब्यात घेतो. १९६८ साली तिच्याच नावाचा ‘गोल्डन स्वॅलो’ आला, त्यात तर सगळा भाव नायक जिमी वांग यू खाऊन गेला. पाटीवर नाव आईचं आणि गल्ल्यावर काका!

१९७० मध्ये लग्न करून ती कॅलिफोर्नियाला गेली. संसार, मुलं, नाचाचे वर्ग. पुढे अधूनमधून कामं केली, पण जगाने तिला पुन्हा नीट पाहिलं ते २००० साली, आंग लीच्या ‘क्राउचिंग टायगर, हिडन ड्रॅगन’मध्ये. चोपन्नाव्या वर्षी खलनायिका, जेड फॉक्स. वुडांग या युद्धविद्येच्या पंथाच्या गुरूने हिला शय्येवर घेतलं, विद्या मात्र दिली नाही. म्हणून हिने त्याला मारून विद्येची पोथी पळवली. पण पोथीतला मजकूर हिला लागत नाही, चित्रं बघून जमेल तेवढं शिकली. हिची शिष्या मात्र गुपचूप सगळं वाचून हिच्या कितीतरी पुढे गेली. हे कळतं तेव्हाचा पेई-पेईचा चेहरा बघावा. राग आहेच, पण त्याखाली जन्मभर दाराबाहेर उभं केल्याचा अपमान आहे. तरुणपणीच्या तिच्या कुठल्याही तलवारबाजीपेक्षा मला तो चेहरा मोठा वाटतो. हाँगकाँगमध्ये तिला या भूमिकेसाठी सहाय्यक अभिनेत्रीचा पुरस्कारही मिळाला. जुलै २०२४ मध्ये ती गेली, अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी.

खून वाईटच, वादच नाही. पण ‘तुझ्या गुरूने मला शिकवलं नाही’ असं जेड फॉक्स तोंडावर सांगते, तेव्हा त्या गुरूचा शिष्य, सज्जन नायक ली मू-बाई त्यावर अवाक्षर काढत नाही. उलट, इतकी वर्षं सराव करूनही तुझे डाव कच्चेच, असं तिलाच सुनावतो. शिकवलं कुणी होतं, बाबा?