बोअरला गरम पाणी

सकाळी सातला किनवट तालुक्यातल्या त्या गावात पोचलो, तेव्हा बोअरच्या केसिंगला, म्हणजे तोंडाशी वर आलेल्या लोखंडी पाइपाला, हळदकुंकू लागलेलं होतं. बाया कळशा घेऊन ओल्या चिखलात अनवाणी उभ्या. शेतमालक म्हणाले, "मिस्त्री, मोठी मोटार टाका. दुसरं उनकेश्वरच निघालंय हितं."

त्यांना तसं वाटणं साहजिक होतं. गरम पाण्याच्या झऱ्याचं उनकेश्वर याच तालुक्यात. खाज-नायट्याला तिथल्या कुंडात आंघोळ करायला आमच्या घरचेसुद्धा जातात. पण तिथलं पाणी मोटारीशिवाय वर येतं आणि कधीही जा, गरमच असतं. पावसाचं पाणी भेगांतून पार खोल जातं, तापतं आणि निवायच्या आत दुसऱ्या भेगेनं वर येतं. एक किलोमीटर खाली गेलं तर जेमतेम २५ ते ३० अंश वाढतात. हा बोअर ३०० फुटांचा, म्हणजे ९० मीटर. तेवढ्यात तीन अंशही वाढत नाहीत.

आणि इथं हात पोळत होता. धार मात्र करंगळीएवढी.

"संध्याकाळी पण गरम असतं का?"

"न्हाई, फक्त सकाळी."

तिथंच शंका आली. शेतीची लाइन रात्रीची, आठ तास. मोटार ऑटोवर, लाइन आली की आपोआप चालू. केसिंगला टेस्टर लावला तर पेटला. ओरडून सगळ्यांना मागं सारलं आणि पळत जाऊन फ्यूज काढले. बायांच्या पायांखालचा तो चिखल अजून डोळ्यांसमोरून जात नाही.

चेन-पुली लावून एकेक पाइप वर काढला. पंपापासून तिसऱ्या पाइपाला, दोन पाइप जोडणाऱ्या सॉकेटच्या अगदी खाली, रुपयाएवढं भोक. कडा गंजून पात्यासारखी पातळ झालेली. पंपानं वर ढकललेलं पाणी त्या भोकातून परत बोअरमध्येच पडत होतं. पाच एचपीची मोटार रात्रभर तेच ते पाणी घुसळत होती, तिची सगळी उष्णता त्यातच उतरत होती. भोकातल्या फवाऱ्यानं शेजारची केबल घासून तांबं उघडं पडलेलं. ज्यानं कुणी जुने पाइप घातले आणि अर्थिंग न करताच पैसे घेतले, त्याला मी मिस्त्री म्हणणार नाही.

नवा पाइप बसवला, केबल बदलली. अर्थिंगचा खड्डा स्वतः खणला, कोळसा-मीठ भरलं. संध्याकाळी जनरेटरवर मोटार चालू केली. दांडगी धार आली, गार.

एक आजी सात-आठ वर्षांच्या नातवाला घेऊन थांबल्या होत्या. पोराची कोपरं खाजवून सोललेली. "लेकरा, चार दिसांत ह्याची खाज उतरली होती. कामून बंद केलंस रं?"

त्या पाण्यात करंट होता, हे मी तीनदा सांगितलं. त्या नुसत्या माझ्या तोंडाकडं बघत राहिल्या. शेवटी म्हणालो, आजी, उनकेश्वरला न्या, पण आधी दवाखान्यात दाखवा. एसटीच्या भाड्याचं त्या काहीच बोलल्या नाहीत. मलाही तेव्हा सुचलं नाही.

पुढच्या आठवड्यात त्या बाजूला एक काम आहे. आधी त्यांच्या घरी जाणार आहे.