कच्च्या वहीतला आवाज

काल दुपारी दुसरेच काही शोधत असताना लाना डेल रे या अमेरिकन गायिकेची अगदी सुरुवातीची ध्वनिमुद्रणे कानावर पडली आणि हातातले काम बाजूला राहिले. २००६ च्या सुमाराची ही गाणी. तेव्हा हे नाव जन्मलेले नव्हते आणि विशीतली एलिझाबेथ ग्रँट नुसती गिटार घेऊन गात होती. आवाज पातळ, वरच्या पट्टीतला, काहीसा बिचकणारा. आणि कॉर्ड बदलताना बोटे तारांवरून घसरली की उमटणारा तो ‘चीं’. स्टुडिओत तो दोष समजून पुसला जातो. मला मात्र तोच पुन्हा पुन्हा ऐकावासा वाटतो. गायिकेने स्वतः कधी प्रसिद्ध न केलेली ही गाणी ऐकणे म्हणजे दुसऱ्याची कच्ची वही चोरून वाचणेच. त्यात रसिकता किती आणि भोचकपणा किती, हे न विचारलेले बरे.

लहानपणी आमच्याकडे कॅसेट रेकॉर्डर होता. लाल बटण आणि त्याच्या शेजारचे बटण एकदम दाबायचे, क्षणभर श्वास रोखायचा आणि गायचे. पहिल्यांदा स्वतःला ऐकले तेव्हा ‘हा मी नव्हेच’ असे मी घरभर ठासून सांगितले होते. आपला आवाज आपल्याला कवटीच्या हाडांतूनही ऐकू येतो, म्हणून तो भारदस्त वाटतो, हे फार पुढे कळले. त्या दिवशी मी मुकाट्याने कॅसेट मागे नेली आणि तिच्यावर दुसरेच काही भरले.

ग्रँटबाईंच्या बाबतीतही असेच काहीसे घडले. २०१० मध्ये डिजिटल स्वरूपात आलेला त्यांचा अल्बम काही महिन्यांतच विक्रीतून काढून घेतला गेला. २०११ मध्ये ‘व्हिडिओ गेम्स’ हे गाणे आले तेव्हा नाव नवे होते, मागे तंतुवाद्यांचा संथ पसारा होता आणि आवाज चांगलाच खाली उतरला होता. त्यावर ‘सगळे बनावट’ अशी ओरड झाली. डेव्हिड जोन्स या ब्रिटिश गायकाने डेव्हिड बोवी व्हावे आणि पुढे नवनवे अवतार घेत राहावे, याचे आपण कौतुक करतो. मग हिच्यापाशी येऊन आपल्याला एकाएकी अस्सलपणाचा उमाळा का यावा?

कदाचित तो खालचा आवाजच तिला आधीपासून आतून ऐकू येत असेल आणि तोच तिने बाहेर आणला असेल, असे काहीतरी मनात जुळत होते. तेवढ्यात पुढचे गाणे लागले, कॉर्ड बदलली, तार चिरकली आणि माझे बोट आपोआप गाणे मागे नेण्याच्या बटणाकडे गेले.