तारावा 1943, 1/72 डायोरामा: भांगाचं पाणी एकदाचं ओतलं

मंडळी, दोन महिने काही टाकलं नव्हतं कारण डायोरामातलं (देखाव्याची छोटी प्रतिकृती, 1/72 म्हणजे खऱ्याच्या बहात्तराव्या भागाएवढी) भांगाचं, म्हणजे भरती कमी चढते त्या दिवसांचं, पाणीच जमत नव्हतं, आता जमलंय म्हणून सविस्तर लिहितो.

नवीन लोकांसाठी थोडक्यात. किरिबाटी हा पॅसिफिकमधला छोटासा देश (त्यांच्या भाषेत टी-आयचा उच्चार स होतो, त्यामुळे खरं म्हणजे किरिबास), 1979 ला स्वतंत्र झाला, स्वतःचं सैन्य नाही, पण त्यांच्या तारावा बेटमाळेतल्या बेसो नावाच्या चिमुकल्या बेटावर 20 ते 23 नोव्हेंबर 1943 ला जी लढाई झाली ती 76 तासांत संपली आणि त्यात हजाराच्या आसपास अमेरिकन मरीन (समुद्रातून किनाऱ्यावर उतरून लढणारे सैनिक) गेले. समोर जपानी रिअर अ‍ॅडमिरल शिबाझाकीचे साडेचार हजारांहून जास्त लोक होते, त्यात कोरियन मजूरही खूप, आणि जपानी सैनिकांपैकी जिवंत हाती लागले फक्त 17. मी करतोय तो रेड बीच 2 (मरीन उतरले त्यातल्या एका किनाऱ्याचं सांकेतिक नाव) चा तुकडा, पहिल्या दिवशीची सकाळ.

सगळा घोळ पाण्याचा होता. हिगिन्स बोट (सैनिकांना किनाऱ्यावर उतरवणारी होडी) भरलेली असली की तिला साडेतीन-चार फूट पाणी लागतं आणि त्या दिवशी प्रवाळाच्या खडकावर जेमतेम तीन फूट होतं. बोटी तिथेच अडकल्या आणि पोरं पाचशे-पाचशे यार्ड पाण्यातून चालत, मशीनगनच्या माऱ्यात किनाऱ्याकडे निघाली. हे थळच्या मामांना सांगितलं तर त्यांनी आधी तिथी विचारली. मी पंचांग काढून बघितलं, कार्तिक वद्य अष्टमीच्या आसपासचा दिवस निघाला. मामा म्हणाले, "अरे अष्टमीला भांग असतो, पाणी भरतच नाय, होडी खडपाला लागणारच." त्यात चंद्र त्या दिवसांत पृथ्वीपासून लांब, त्याची ओढ कमी, म्हणजे भांगातलाही भांग. आणि फ्रँक हॉलंड नावाचा मेजर, जो आधी त्या बेटांवर राहिलेला होता, त्याने प्लॅनिंगच्या वेळी सांगितलं होतं की पाणी पुरणार नाही. हे वाचल्यापासून मला त्या तीन फुटांवर तडजोड करवत नाही.

तीन फूट म्हणजे 1/72 ला 12.7 मिमी. माणूस 24 मिमीचा, म्हणजे पाणी बरोबर कमरेला. पाचशे यार्ड खरे दाखवायचे तर बेस सहा मीटरच्या वर जातो, त्यामुळे शेवटचे चाळीसेक मीटरच घेतलेत, बेस 60 बाय 40 सेंमी. पहिल्यांदा रेझिन एकदम पूर्ण जाडीचं ओतलं, पावसाळी हवा आणि मिश्रणाचं माप मी वजनाऐवजी मापाच्या कपाने घेतलेलं, आठ दिवसांनी बोट लावलं तर चिकट, सगळं खरवडून काढायला दोन रविवार गेले. आता डिजिटल काट्यावर मोजून 3-3 मिमीचे चार थर दिले, प्रत्येक थरामध्ये एक दिवस, वर लाटांसाठी जेल. खालचा रंग किनाऱ्याजवळ फिकट पिवळसर आणि बाहेर जाताना हिरवट निळा.

तटबंदीवर मी सगळ्यात खूश आहे. खऱ्या बेसोवर माडाच्या ओंडक्यांची तीन ते पाच फुटांची भिंत होती आणि तिच्या आडोशालाच पहिले मरीन तग धरून बसले. माझे ओंडके म्हणजे खराट्याच्या हिरांची बुडं, 3 मिमी जाडीची निवडून घेतली, सहा एकावर एक ठेवली की सुमारे 18 मिमी होतात. माडाचंच लाकूड असल्याने रेघा आपोआप येतात, नुसता पातळ राखाडी वॉश दिला.

वाहनाचं किट मात्र एलव्हीटी-4 (पाण्यात आणि जमिनीवर चालणारं पट्ट्यांचं वाहन) चं मिळालं आणि तारावाला ते नव्हतंच, तिथे एलव्हीटी-1 आणि 2 मिळून 125 होते आणि निम्म्याहून जास्त बाद झाले. एलव्हीटी-2 ला मागे दार नाही, इंजिन मागे असल्याने लोकांना बाजूवरून उडी मारूनच उतरावं लागायचं, म्हणजे सगळ्यात उंच आणि उघड्या जागी. मागचा रॅम्प प्लास्टिक शीटने बंद केला, पुट्टी लावून घासला, आतली बैठक कापून इंजिनाचं झाकण बनवलं. मरीनचे सेट सगळे धावत्या पोझमधले असल्याने पंधरा आकृत्या कमरेला कापून पाण्यात रोवल्या, हात गरम पाण्यात मऊ करून रायफल डोक्यावर आणली. हेल्मेटवर कॅमोफ्लाज कव्हर आहेत, त्याचे ठिपके टूथपिकने.

एक गोष्ट या डायोरामात कुठेच बसणार नाही पण लिहायची आहे. ऑक्टोबर 1942 मध्ये याच बेटावर जपान्यांनी 22 कैद्यांना मारलं, त्यातले 17 न्यूझीलंडचे कोस्टवॉचर (किनाऱ्यावरून शत्रूवर नजर ठेवणारे), बिनशस्त्र, नुसता रेडिओ घेऊन बसलेले. आज तिथे त्यांचं स्मारक आहे. बेसच्या मागच्या बाजूला पितळी पट्टीवर 22 आकडा कोरायचा ठरवलंय.

आता राहिलेत माड. गोळाबारीनंतर झावळ्या उडालेले, नुसते ठुंबे, शेंडा फाटलेला. काथ्या पिळून बघितला पण शेंडा फारच नीटनेटका दिसतो. कोणी 1/72 ला असे केले असतील तर फोटो टाका, बुंधा कशाचा केलाय तेही सांगा.