चौक उघडाच हवा

वाईला आजोळच्या वाड्यात दिंडी दरवाजातून वाकून आत शिरले, की अंधाऱ्या देवडीनंतर एकदम उजेडाने भरलेला चौक समोर येई. चारी बाजूंना सोपे, म्हणजे चौकाकडे उघड्या ओसऱ्या, लाकडी खांबांखाली दगडी तळखडे आणि मधोमध तुळशीवृंदावन. पावसाळ्यात चारही छपरांच्या पागोळ्या त्या चौकातच पडत, आणि वर्षानुवर्षांच्या त्या धारेने कडेच्या दगडांवर ओळीने पडलेले खळगे माझ्या बोटांना आजही आठवतात.

चौक म्हणजे केवळ उरलेली मोकळी जागा नव्हे. तापलेली हवा तेथून वर निघून जाते, तिच्या जागी सोप्यांतली सावलीतली हवा येते, आणि रस्त्याकडे जवळजवळ पाठ फिरवलेल्या घराला पोटातूनच उजेड मिळतो. दुसऱ्या बाजीरावाने बांधलेल्या पुण्यातील विश्रामबागवाड्यात तर असे तीन चौक आहेत.

वास्तुविशारद चार्ल्स कोरिया यांनी १९८० च्या दशकात नवी मुंबईत, बेलापूरच्या वसाहतीत, सात-सात घरे सुमारे आठ मीटर बाजूच्या सामाईक चौकाभोवती मांडली. एका कुटुंबाचा चौक शेजाऱ्यांचा झाला, ही मला त्यातली सर्वांत मोलाची गोष्ट वाटते.

हल्ली नव्या बंगल्यांत चौकावर काच बसवतात. त्यामुळे ऊन आत येते, पण तापलेली हवा तिथेच कोंडते. म्हणून भावाच्या घराच्या नकाशात चौक उघडाच ठेवावा, असा आग्रह मी धरला आहे. पाऊस आत आला तर येऊ दे.