पाटीवरची दुसरी ओळ

रविवार, संध्याकाळ

आज फ्रान्समधल्या नॉर्मंडीत, लिझ्यू शहराच्या दक्षिणेला, लिव्हारोच्या बाजूला हिंडून आलो. सफरचंदांच्या बागा, गाई, उग्र वासाचं चीज, सगळं आहेच. पण आज बघत राहिलो त्या पाट्या. अर्तव्हां, फेर्वाक, तोर्तिसांबेर... आणि प्रत्येक गावाच्या नावाखाली तीच बारीक ओळ: लिव्हारो-पेई-दोज.

1 जानेवारी 2016 ला इथल्या 22 गावांचं मिळून याच नावाचं एक कम्यून झालं, म्हणजे एक मेअर आणि एक सभा असलेली इथली ग्रामपंचायतच म्हणा. सगळी वस्ती धरूनही सात हजार भरत नाही! तारीख उगाच निवडलेली नाही. त्या काळात फ्रेंच सरकार गावांच्या अनुदानाला दरवर्षी कात्री लावत होतं. 2015 च्या कायद्यानं सांगितलं, या तारखेपर्यंत एक व्हा, तीन वर्षं ही कात्री लागणार नाही. थोडक्यात, हुंडा बघून जमवलेलं लग्न.

शेजारच्या सेंत-फ्वा-द-मोंगोमेरीचंही तेच. 17 जुलै 1944 ला याच गावाजवळ विमानातून झालेल्या गोळीबारात जर्मन सेनापती रोमेल जबर जखमी झाला, आणि समोरच्या ब्रिटिश सेनापतीचं आडनाव मॉन्टगोमरी! एवढा योगायोग नशिबी असलेलं गाव, तेही त्याच 1 जानेवारीला आणखी तीन गावांबरोबर 'व्हाल-द-व्ही' या नव्या कम्यूनमध्ये गेलं.

इथला मेअर म्हणजे नुसता सरपंच नव्हे. जन्ममृत्यूची नोंद त्याच्याकडे, आणि लग्नही आधी त्याच्यासमोर लागतं, चर्चमधलं नंतर. क्रांतीच्या काळात, 1792 मध्ये, नोंदी आणि लग्नं चर्चकडून कम्यूनकडे आली, तिथून आलेली ही रीत. शंभराच्या आत वस्ती असलेल्या गावालाही सभेवर सात सदस्य निवडायचा हक्क.

विलीनीकरणानंतर जुन्या गावाला दुय्यम मेअर आणि छोटी कचेरी ठेवता येते, पण तिजोरी एकच. सुरुवातीला जुने सगळे सदस्य सभेत बसू शकतात, पुढच्या निवडणुकांनंतर संख्या उतरते. मग एखाद्या गावाचं सभेत कुणीच उरलं नाही, असंही होऊ शकतं. शिवाय दोन-तीन गावांत 'चर्च रस्ता' निघाला की पोस्टमनसाठी नावं बदला! पैशांपेक्षा यावरून माणसं जास्त चिडत असतील तर मला नवल वाटणार नाही.

खर्चाचा हिशेब मला पटतो. एवढ्याशा गावानं एकट्यानं रस्ते तरी किती सांभाळायचे? पण पूर्वी दारासमोरचा खड्डा दाखवायला मेअरला गल्लीतच गाठता यायचं. आता आधी तो रस्ता कुठल्या गावातला, हे सांगावं लागणार.