आस्टा नील्सनच्या हातातला दोर

रात्री फिल्टर, म्हणजे धूळ-ओरखडे आपोआप पुसणारं सॉफ्टवेअर, लावून सोडायचं, त्यातून तयार झालेली फिल्म म्हणजे रेंडर सकाळी तपासायचं आणि तांदूळ निवडावेत तशी एकेक फ्रेम निवडून उरलेली धूळ हाताने काढायची, हे फिल्म रिस्टोरेशनमधलं, म्हणजे जुन्या सिनेमांच्या साफसफाई-दुरुस्तीतलं, रोजचं काम. एक मीटर फिल्मवर साधारण बावन्न फ्रेम असतात, एवढं सांगितलं तरी कल्पना यावी.

त्या दिवशी मॉनिटरवर ‘आफग्रुन्डेन’ होता. डेन्मार्कचा १९१० सालचा मूकपट, एका फिल्म सोसायटीच्या खेळासाठी आमच्याकडे साफसफाईला आलेला. दिग्दर्शक उर्बान गाड, कॅमेरा आल्फ्रेड लिंडचा, नायिका आस्टा नील्सन. कोपनहेगनच्या रंगभूमीवर तिला मनासारखी कामं मिळत नव्हती. नाटकवाल्यांचं तिच्याकडे लक्ष जावं म्हणून गाडने हा सिनेमा रचला. नाटकवाले राहिले बाजूला. जर्मनीतून बोलावणं आलं आणि पुढच्या दोन-तीन वर्षांत तिचं नाव युरोपभर झालं.

यात ती माग्दा, पियानोच्या शिकवण्या करणारी. ठरलेला मुलगा सोडून सर्कशीतल्या रूडॉल्फबरोबर पळून जाते. पुढे दोघं रंगमंचावर गाउचो नाच, म्हणजे दक्षिण अमेरिकेतल्या गुराख्यांच्या धर्तीवरचा नाच, करतात. ती त्याला दोराने बांधते आणि त्याच्या अंगाला अंग घासत नाचते. सेन्सॉरने काही ठिकाणी नेमका हाच तुकडा कापला होता.

रेंडर सुरू केलं आणि मी थांबलेच. तिचा हात फिरतोय, पण दोर मधेच तुटलेला. पुढच्या फ्रेमला पूर्ण, त्यापुढच्या फ्रेमला पुन्हा अर्धा गायब.

फिल्टर मागची, आताची आणि पुढची फ्रेम ताडून बघतो. एकाच फ्रेमवर असलेली आणि आजूबाजूला नसलेली गोष्ट म्हणजे कचरा, हा त्याचा नियम. हा सिनेमा हाताने हँडल फिरवून टिपलेला, सेकंदाला जेमतेम सोळा-अठरा फ्रेमच्या वेगाने. वेगात फिरणारा बारीक दोर तेवढ्यात कुठल्या कुठे जातो, शिवाय फिकट रेघेसारखा उमटतो. फिल्टरच्या लेखी तो ओरखडाच. सेन्सॉरच्या कात्रीतून वाचलेला दोर आमच्या मशीनने एका रात्रीत पुसला होता.

‘‘ताई, क्यूसीला तर पास झालंय,’’ ज्याने रेंडर लावलं तो मुलगा म्हणाला. क्यूसी म्हणजे शेवटची दर्जा-तपासणी. त्याला मी बोलले नाही. पोराला दिवसाला किती फ्रेम झाल्या याचा हिशोब द्यावा लागतो. फ्रेम बघितल्या का, हे कोणी विचारत नाही. आमच्या धंद्यातलं हे दुखणं आहे. त्यात आता लोकांना जुना सिनेमा रंगीत आणि लोण्यासारखा गुळगुळीत हवा असतो.

नाचाचा सगळा भाग मूळ स्कॅनवरून परत घेतला. फिल्टर बंद. धूळ हाताने, शेजारच्या फ्रेममधून तेवढाच तुकडा उचलून. दोराला टेकलेली धूळ काढताना दोराची कड जराही हलू द्यायची नाही, कारण तिथे एक पिक्सेल इकडचा तिकडे झाला तरी पडद्यावर दोर थरथरतो. शिफ्ट संपून गेली तरी बसून होते. दोर अखंड फिरला तेव्हा जे वाटलं ते पगाराच्या दिवशीही वाटत नाही.

पण डोक्यातून जात नाही तो शेवटचा प्रसंग. रूडॉल्फला भोसकल्यावर पोलीस तिला घेऊन जातात. त्या काळचे नट हातवारे करून हंबरडा फोडायचे. ही काहीच करत नाही. चेहरा सुन्न, नजर भलतीकडे. पापणी किती हलते, यावर सगळा अभिनय. आमच्या प्रिंटमध्ये तिथे तिच्या डोळ्याखाली एक पांढरा ठिपका आहे, फक्त दोन फ्रेमपुरता. धूळ सहसा एका फ्रेमवर असते. म्हणजे डोळ्यातली ओल असेल? की प्रिंटवरून प्रिंट काढताना दोनदा बसलेली घाण?

सुपरवायझर म्हणाले, ‘‘काढून टाका, कोण बघणार आहे?’’ मी बघितलाय ना! नील्सनने सत्तरहून जास्त सिनेमे केले. १९२१च्या ‘हॅम्लेट’मध्ये ती स्वतः हॅम्लेट झाली, राजपुत्र म्हणून वाढवलेली मुलगी. त्याआधी आठच वर्षं आपल्याकडे फाळक्यांना तारामतीसाठी पुरुष उभा करावा लागला होता. १९२५ला दिग्दर्शक पाब्स्टच्या सिनेमात तिच्याबरोबर तरुण ग्रेटा गार्बो होती. बोलपट तिने एकच केला, १९३२ साली. एवढ्या कामातलं बरंचसं आज उरलेलंच नाही. जे उरलंय त्यातली दोन फ्रेमसुद्धा अंदाजाने पुसायचा अधिकार मला कोणी दिलेला नाही.

ठिपका मी ठेवला. त्या दोन्ही फ्रेमचे नंबर रिपोर्टमध्ये वेगळे लिहिलेत आणि याहून चांगल्या प्रिंटमधल्या त्याच फ्रेम मिळतील का, असं सोसायटीला विचारलंय. त्यांचं उत्तर अजून यायचंय.